गव्हर्नरांचा शब्द आणि इतिवृत्ताचे कागद

कंपालात बँकेत काम केलेल्या कुणालाही २१ ऑक्टोबर २०१६ च्या शुक्रवारबद्दल विचारा, तो कुठे होता हे अजून सांगेल. आदल्या दिवशी युगांडाच्या मध्यवर्ती बँकेचे, म्हणजे बँक ऑफ युगांडाचे गव्हर्नर इमॅन्युएल टुमुसिइमे-मुटेबिले यांनी क्रेन बँक ताब्यात घेतल्याचं जाहीर केलं होतं. भांडवल फार अपुरं आहे, बँक पडली तर बाकीच्यांनाही ओढेल, म्हणून संचालक मंडळ निलंबित आणि वर मध्यवर्ती बँकेने नेमलेला वैधानिक व्यवस्थापक. शाखा रोजच्यासारख्या उघडतील, ठेवी सुरक्षित आहेत. क्रेन म्हणजे पाच लाखांवर खातेदारांची बँक, देशातल्या मोठ्या बँकांपैकी एक. मी एका छोट्या बँकेत ट्रेझरी, म्हणजे बँकेच्या रोजच्या पैशांची जुळवाजुळव, सांभाळत होते.

बाहेरच्या माणसाच्या लक्षात येत नाही ते हे, की मोठी बँक अडचणीत आली की पहिला फटका छोट्या बँकांना बसतो. लोक म्हणतात, एवढी मोठी गेली तर ही कितीशी टिकणार? आणि तेच आमच्या धंद्यातले लोकही म्हणतात, फक्त सभ्य भाषेत. त्या सकाळी सातला मी दिवसाची पोझिशन मांडायला बसले: बँक ऑफ युगांडातल्या खात्यात किती, तिजोरीत किती, क्लिअरिंगमधून, म्हणजे बँकांच्या आपसातल्या चेकांच्या हिशेबातून, किती येणार, किती जाणार, कोणत्या मुदत ठेवी आज संपतात. हे रोजचंच. एरवी तूट दिसली की दोन फोन करायचे आणि दुसऱ्या बँकेकडून एका रात्रीपुरते पैसे उचलायचे. त्या दिवशी एका मोठ्या बँकेच्या डीलरने सांगितलं, ‘मॅडम, तुमची लिमिट रिव्ह्यूला आहे.’ म्हणजे आज उसने पैसे नाहीत. दुसऱ्याने फोनच उचलला नाही. आदल्या आठवड्यापर्यंत हीच माणसं माझ्याकडचे पैसे मागायला दिवसातून चारदा फोन करत होती. छोट्या बँका आपल्या चुकांनी बुडतात तितक्याच या न उचललेल्या फोनांनीही बुडतात, हे माझं मत तेव्हा बनलं आणि आजही तेच आहे.

उरला एकच मार्ग. आमच्याकडची ट्रेझरी बिलं, म्हणजे सरकारचे अल्पमुदतीचे कर्जरोखे, मध्यवर्ती बँकेकडे तारण ठेवून रोकड उचलायची. खिडकी उघडी होती, पण कागद बिनचूक लागतात. कोणती बिलं, कोणत्या मुदतीची, दर्शनी किंमत किती, आधीच कुठे अडकलेली तर नाहीत ना. मी आणि माझी सहकारी नऊच्या आत यादी करून बसलो. वेळ आलीच तर पाठवायला शोधाशोध नको.

मग मी खाली शाखेत गेले. ट्रेझरीच्या माणसाने अशा दिवशी काउंटरजवळ असावं असं मला वाटतं. पडद्यावरचे आकडे जातात ते कुणाच्या हातून, हे तिथेच कळतं. शटर उघडण्याआधीच रांग लागली होती. किकूबोच्या घाऊक बाजारातले व्यापारी, शाळेच्या फीसाठी पैसे बाजूला ठेवलेल्या बाया, दोन-तीन हिशेबनीस कंपनीची पत्रं घेऊन. आमची मुख्य रोखपाल बाई हे आधी एकदा बघून चुकलेली होती. १९९८-९९ मध्ये कंपालात लागोपाठ बँका बंद झाल्या, तेव्हा ती नवी नोकरीला लागलेली. तिने सगळ्या खिडक्या उघडायला लावल्या, मागच्या ऑफिसातली माणसंही बसवली आणि ५० हजारांच्या नोटांच्या विटा बाहेरून दिसतील अशा रचल्या. एका गड्डीत शंभर नोटा, म्हणजे ५० लाख शिलिंग; अशा दहा गड्ड्यांची वीट. प्रत्येक नोटेवर मुटेबिल्यांची सही. तिने पोरांना तीन गोष्टी बजावल्या: ‘का काढताय’ विचारायचं नाही, ‘उद्या या’ म्हणायचं नाही, आणि नोटा मोजताना रेंगाळायचं नाही. मुदत ठेव मोडायची तर त्या दिवसापुरता दंड माफ, हा निर्णय मी तिथेच उभ्या उभ्या व्यवस्थापकीय संचालकांकडून फोनवर घेतला. घाईने पैसे देणाऱ्या बँकेतून लोक घाईने पैसे काढत नाहीत. दुपारी बारापर्यंत रांगेतले काहीजण विटा बघून परत गेले.

याच सुमारास आमच्या मार्केटिंगवाल्याने ‘तुमचे पैसे आमच्याकडे सुरक्षित आहेत’ असा एसएमएस सगळ्या खातेदारांना पाठवायचं ठरवलं. त्याला मी अक्षरशः हाताला धरून खोलीत नेलं. व्हॉट्सॲपवर सकाळपासून ‘पुढची कोण’ अशी एक यादी फिरत होती आणि तिच्यात आमचंही नाव होतं. अशा वेळी ‘आम्ही सुरक्षित आहोत’ असं आपण होऊन सांगणं म्हणजे ज्याने यादी पाहिली नाही त्यालाही रांगेत आणून उभं करणं. त्याला ते पटलं नाही. एसएमएस गेला नाही, एवढं पुरे.

रांगेत एक गुजराती काका होते. आमचे जुने खातेदार, कापडाचे व्यापारी. मी त्यांना आत बसवलं. त्यांना पैसे हवे होते, पण रोख नकोत, मोठ्या बँकेत वळते करून हवे होते. फॉर्म भरता भरता ते मुटेबिल्यांबद्दल बोलू लागले. १९७२ च्या ऑगस्टमध्ये इदी अमीनने आशियाई लोकांना नव्वद दिवसांत देश सोडायला सांगितलं, तेव्हा काका ऐन तारुण्यात होते. ‘बहेन, तेव्हा आमच्या बाजूने बोलायला कुणाची हिंमत नव्हती. मकेरेरे विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांचा पुढारी बोलला, हे चुकीचं आहे म्हणाला. आम्ही देश सोडला आणि त्यालाही सोडावा लागला. तो पोरगा म्हणजे हा गव्हर्नर.’ हे खरं आहे. कबालेकडचा हा मुलगा मकेरेरेच्या विद्यार्थी संघटनेचा अध्यक्ष होता, अमीनविरुद्ध बोलला म्हणून त्याला पळावं लागलं, पुढे त्याने इंग्लंडमध्ये डरहॅमला पदवी घेतली आणि मग ऑक्सफर्डला शिकला. आणि क्रेन बँक उभारणारे सुधीर रूपारेलिया हे त्याच १९७२ मध्ये हाकलल्या गेलेल्यांपैकी, किशोरवयात ब्रिटनला गेलेले आणि १९८५ मध्ये परतलेले. काकांनी हे सगळं सांगितलं, गव्हर्नरांवर माझा विश्वास आहे असंही म्हणाले आणि फॉर्मवर सही करून अर्धी रक्कम वळती केली. त्यांच्या जागी मीही तेच केलं असतं.

मुटेबिल्यांबद्दल माझा आदर ऐकीव नाही. युगांडाच्या चलनाची आधी काय दशा होती तेवढं मात्र जुन्या सहकाऱ्यांकडून ऐकलेलं. १९८७ मध्ये जुन्या शिलिंगवरची दोन शून्यं काढली आणि वर ३० टक्के कर कापून घेतला. तिथून १९९० मध्ये परकीय चलनाची खुली दुकानं, पुढे बाजाराने ठरवलेला विनिमय दर, आणि १९९२ मध्ये अर्थ आणि नियोजन ही खाती एकत्र झाल्यावर त्यांचे सचिव म्हणून सरकारच्या खर्चाला घातलेला लगाम. महागाई एक आकडी झाली ती या माणसाच्या हट्टामुळे. २००१ मध्ये ते गव्हर्नर झाले. २०११ च्या सुरुवातीला सरकारने रशियन लढाऊ विमानांसाठी परकीय गंगाजळीतून ७४ कोटी डॉलर उचलले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये महागाई ३० टक्क्यांवर गेली आणि त्यांनी धोरण दर, म्हणजे मध्यवर्ती बँकेचा व्याजदर, २३ टक्क्यांवर नेला. माझ्या ट्रेझरीचे ते सगळ्यात वाईट महिने होते, कर्जदार दारात येऊन ओरडत होते. तरी दर चढवला ते बरोबरच होतं. विमानांचे पैसे अडवता आले नाहीत ही त्यांची कमजोरी होती, पण त्याची किंमत चुकवायला ते मागे हटले नाहीत. आणि २०१२ मध्ये त्यांनी नॅशनल बँक ऑफ कॉमर्स बंद केली. ती मूळची किगेझीची, त्यांच्या स्वतःच्या मुलखातली, आणि तिच्या भागधारकांत सत्तेतली बडी नावं होती. गावाकडची बँक म्हणून दया दाखवली नाही. तिच्या ठेवी त्यांनी सोपवल्या त्या क्रेन बँकेकडेच.

मी सांगलीची. बँक अडचणीत येणं म्हणजे काय, हे आमच्याकडे पुस्तकात वाचावं लागत नाही. शटरवर चिकटवलेला रिझर्व्ह बँकेच्या निर्बंधांचा कागद आणि त्यासमोर औषधाच्या पैशांसाठी उभे असलेले पेन्शनर मी लहानपणापासून बघितले. पुढे २०१९ मध्ये पीएमसी बँकेवर निर्बंध आले, तेव्हा सुरुवातीला सहा महिन्यांसाठी मिळून हजार रुपये काढायची मुभा होती. म्हणून त्या शुक्रवारी मी दुपारच्या क्लिअरिंगची ज्या धास्तीने वाट बघत होते, ती माझ्या युगांडन सहकाऱ्यांना समजत नव्हती. आमच्या खातेदारांनी भरलेले क्रेन बँकेचे चेक त्यात होते, किकूबोतल्या घाऊक व्यवहारांचे, मोठ्या रकमांचे. ते परत आले असते तर आमचे व्यापारी अडकले असते, आणि संध्याकाळपर्यंत आमची यादीतली जागा पक्की झाली असती.

चेक वटले. इतर कोणत्याही शुक्रवारसारखे. गव्हर्नरांनी ‘बँक चालू राहील’ म्हटलं आणि बँक चालू राहिली. मागे मध्यवर्ती बँक पैसा ओतत होती म्हणूनच ते शक्य झालं. तीनच्या सुमारास माझ्या लक्षात आलं की पैसे जाण्याचा वेग मंदावलाय. तारणाची यादी पाठवायची वेळ आलीच नाही. ठेवीदाराला एक दिवसही दार बंद न करता एवढी मोठी बँक ताब्यात घेणं, हे काम किती अवघड आहे ते ट्रेझरीत बसलेल्यालाच कळतं. सांगलीच्या त्या रांगा बघितलेल्या मला त्या दिवशी या माणसाला नमस्कार करावासा वाटला.

संध्याकाळी आमच्या मालमत्ता-दायित्व समितीची तातडीची बैठक झाली. ठेवी किती गेल्या, कोणते मोठे ठेवीदार हलले, सोमवारसाठी रोकड किती मागवायची, दंडमाफी कुणाच्या सांगण्यावरून. सगळे थकलेले होते. इतिवृत्त मी लिहिलं, त्याच रात्री, आणि हजर प्रत्येकाची सही घेतल्याशिवाय कुणाला घरी सोडलं नाही. कारण पर्यवेक्षण विभागाचे निरीक्षक येतात तेव्हा पहिल्यांदा हीच फाइल मागतात. निर्णय बरोबर असो वा चूक, त्याचा कागद नसेल तर शेरा ठरलेला. बँक ऑफ युगांडानेच आम्हाला हे शिकवलं आणि मला ती शिकवण मान्य आहे.

जानेवारी २०१७ मध्ये क्रेन बँक डीएफसीयू या दुसऱ्या बँकेला २०० अब्ज शिलिंगला विकली गेली. क्रेनमध्ये ओतलेले पैसे ४७८ अब्जांवर गेल्याचं पुढे लेखापरीक्षणात आलं. मग संसदेच्या समितीने बँक ऑफ युगांडाच्या अधिकाऱ्यांना, खुद्द गव्हर्नरांसह, समोर बसवलं. देशातल्या एका मोठ्या बँकेच्या विक्रीची बोलणी कशी झाली, त्या बैठकांची इतिवृत्तं द्या म्हणून सांगितलं. ती नव्हती.

टीव्हीवर ते ऐकलं तेव्हा मला आमच्या शुक्रवारच्या रात्रीचे ते सह्यांचे कागद आठवले. मध्यवर्ती बँकेने रूपारेलियांवर लावलेला ३९७ अब्जांचा दावाही उच्च न्यायालयात आणि मग अपिलातही टिकला नाही. मुटेबिले २३ जानेवारी २०२२ ला नैरोबीतल्या रुग्णालयात वारले, गव्हर्नर असतानाच. आमच्या बँकिंग वर्तुळात त्यांचा विषय निघाला की दोन तट पडतात: एक म्हणतो, एकाही ठेवीदाराचं नुकसान झालं नाही, दुसरा म्हणतो, बँक कशी विकली ते कुणालाच कळलं नाही. दोन्ही खरं आहे, आणि मला यातलं कोणतंच सोडता येत नाही. अशा बैठकीचं इतिवृत्त लिहायला तासभर लागतो. बोलणी करणाऱ्यांत एकही माणूस तेवढा वेळ बसला नाही, की बसू दिला नाही?