तुम्ही विचारलंत म्हणून: ‘ब्रिटिशांचं बांधकाम टिकलं ना?’

मुंबईत नायगावच्या बीडीडी चाळीत वाढले म्हटलं की पुढचा प्रश्न ठरलेला, ‘ब्रिटिशांचं काम ना, शंभर वर्षं टिकलं, आता असं कोण बांधतं?’ दरवेळी विषय बदलते, आज सांगूनच टाकते.

टिकलं, मान्य. भिंतीत खिळा ठोकताना घाम फुटायचा. पण १९२० मध्ये गव्हर्नर लॉइडच्या काळात या चाळी बांधणारं बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट, म्हणजेच बीडीडी, निघालं तेव्हा पैसे काही विलायतेहून आले नव्हते, इथल्याच कापसाच्या गाठीमागे एक रुपया कर बसवला होता. खोली १६० चौरस फूट, संडास मजल्यावर सगळ्यांना मिळून. वरळीच्या बीडीडी चाळींत सुरुवातीला कितीतरी खोल्या रिकाम्या पडून राहिल्या, आणि १९३० च्या सत्याग्रहात तिथेच तात्पुरता तुरुंग केला, यावरून काय ते समजा.

तर तो संडास. आमची खोली पार दुसऱ्या टोकाला. गुडघे गेल्यावर आजी दुपारनंतर पाणीच पीत नसे, रात्री उठावं लागू नये म्हणून. कोणाला पत्ता लागू दिला नाही, तांब्या भरून उशाशी ठेवायची आणि सकाळी तोच गुपचूप मोरीत ओतायची. मे महिन्यात तिला चक्कर आली, लघवी बंद झाली, डॉक्टर विचारतायत पाणी किती पितात आणि आम्ही सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघतोय. त्याच आठवड्यात गेली.

हो, तोवर इंग्रज जाऊन जमाना झाला होता, माहितीये मला. नंतरच्या आपल्या सरकारांनीही त्या खोल्यांत संडास दिला नाहीच, त्यांना मी सोडत नाहीये. पण घरात संडास नको हे ठरवलं कोणी आधी?

कॉलेजात मीच मैत्रिणींशी भांडायचे, रेल्वे कोणी दिली, १८५७ ची युनिव्हर्सिटी कोणी दिली म्हणून. रेल्वे कंपन्यांना ५ टक्के परताव्याची हमी आपल्याच महसुलातून होती हे नंतर वाचलं. पण युनिव्हर्सिटीचं काय, गिरणी कामगाराची नात तिथेच शिकली, त्या पोरीला उत्तर अजून माझ्याकडे नाही.

आई म्हणते, चाळीच्या जागी होणाऱ्या टॉवरमध्ये चाळीतल्यासारखा शेजार मिळायचा नाही. नसेल मिळत. पण आता तिचेही गुडघे दुखायला लागलेत, त्यामुळे त्या भिंतींचं कौतुक माझ्याजवळ नका करू, ५०० फुटांच्या घराची चावी कधी मिळतेय ते विचारा.