पंचमीची गाडी

नागपंचमीच्या आदल्या दिवशी मराठवाड्यातल्या पालमकडच्या गाडीवर कंडक्टरकी करणं काय असतं, ते करणाऱ्यालाच ठाऊक. 2023 पासून बायकांना अर्धं तिकीट. त्यात पंचमीला माहेरी निघालेल्या लेकीबाळी. दारापर्यंत माणसं, पायात पिशव्या, तिकिटाचं मशीन धरायला हात मोकळा नाही.

त्या दिवशी लेंडी नदीच्या अलीकडं गाडी थांबली. पुलावरून गढूळ पाणी चाललं होतं. अशा वेळी गाडी घालायची नाही म्हणजे नाही, कुणी कितीही गयावया करो. ड्रायव्हरनं इंजिन बंद केलं आणि तंबाखू मळायला घेतली. बाहेर पाऊस, आत कालवा. बहुतेकींना भावाचा उपवास, त्यात लेकरांची किरकिर.

तेवढ्यात मागच्या एका पोरीनं मोबाईलवर गाणं लावलं. 'अब के बरस भेज भैया को बाबुल'. मला जुन्या गाण्यांचा नाद, लगेच ओळखलं. 1963 च्या 'बंदिनी'तलं. शब्द शैलेंद्रचे, चाल सचिनदेव बर्मन यांची, आवाज आशाबाईंचा. पडद्यावर तुरुंगातली एक कैदीण दळता दळता ते म्हणते. औंदा श्रावणात भावाला धाड मला न्यायला, असं बापाला विनवते. हिंदीतली पावसाची गाणी बहुतेक सजणाची. यात सजण कुठंच नाही, नुसतं माहेर. आणि तिला न्यायला कुणी येणार नाही, हे त्या आवाजातच कळतं. आशाबाई कुठंही गळा काढत नाहीत, म्हणून जास्त लागतं.

बघता बघता कालवा बसला. निजामाच्या राजवटीपासून हिंदी-उर्दू आमच्या कानावरची. 'भेज भैया को' कळायला शाळा लागत नाही. ड्रायव्हरची मळलेली तंबाखू तळहातावर तशीच राहिली. पुढच्या सीटवर साठीची एक बाई खिडकीच्या गजाला कपाळ टेकून रडत होती.

"काय झालं माय?"

"काय न्हाई बाबा. न्ह्यायला येणारा गेला की दोन वर्साखाली. पावसापाण्याचा सायकलवर यायचा. आता भाच्यांची तोंडं बघायला माझी मीच चालले."

मला काही बोलणं सुचलं नाही. उगाच मशीनचा रोल नीट आहे का ते बघत बसलो.

"पुन्यांदा लाव गं," कुणीतरी म्हणालं. पोरीनं लावलं. संपलं तसं त्या बाईनं डोळे पुसले आणि स्वतःच पंचमीचं एक गाणं उचललं. आवाज चिरका, पण ठेका पक्का. मागून आठ-दहा जणींनी ते झेललं, सीटच्या पत्र्यावर ताल धरला. एकीला कडवं आठवेना तर दुसरी तिसरंच सांगायची, त्यावरून भांडण.

अंधार पडायच्या आत पाणी उतरलं. मी डबल बेल मारली, गाडी पलीकडं गेली, तरी गाणी चालूच. त्या नादात बाईचा थांबा मागं गेला आणि माझ्याही ध्यानात आलं नाही. गाडी थांबवून उतरवली, तर खाली चिखलात उभी राहून माझ्यावरच डाफरली, "थांबा आला म्हणून सांगता येत न्हाई का रं? तिकिटं कशाची फाडतोस?"