वर्धापनदिनाच्या रात्रीची तनाका

डिसेंबरचा दुसरा शनिवार म्हणजे आमच्या चित्रपट मंडळाचा वर्धापनदिन. शाळेच्या हॉलमध्ये सतरंज्या, खिडक्यांना काळी कापडं आणि पुण्याहून एस.टी.नं आलेले रिळांचे डबे. त्या रात्री जपानी चित्रपट, आणि त्यात शक्यतो अभिनेत्री किनुयो तनाका, हा सरांचा हट्ट.

आधी सर तिच्याबद्दल दहा मिनिटं बोलत. १९०९ साली शिमोनोसेकीत जन्म, चौदाव्या वर्षी शोचिकु या चित्रपट कंपनीत. १९३१ साली जपानचा पहिला पूर्ण बोलपट आला, त्याची नायिकाही तीच. तोवर मूकपटांची गोष्ट पडद्याशेजारी उभा राहून ‘बेन्शी’ सांगत असे. आम्हाला सबटायटल्स मराठीत वाचून दाखवणारे सर हेच माझे बेन्शी.

‘सान्शो’ लागला ती रात्र अजून आठवते. त्यात तनाका म्हणजे पोरांपासून तोडलेली आई, आता आंधळी, समुद्रकाठी बसलेली. मुलगा आलाय यावर तिचा विश्वासच बसत नाही. तो हातात छोटी मूर्ती देतो, तिची बोटं मूर्तीवरून फिरतात आणि ओळख पटते. तिथे सरांनी वाचणं थांबवलं. शेजारच्या आजींनी माझं मनगट घट्ट धरलं होतं, दिवे लागले तरी सोडलं नाही.

सरांना तनाकाची जिद्द फार प्रिय. १९५० साली ती अमेरिकेहून काळा चष्मा लावून परतली, गर्दीकडे हातानं चुंबनं फेकली, म्हणून वर्तमानपत्रांनी तिला झोडपून काढलं. दोनच वर्षांनी तिनं दिग्दर्शक मिझोगुचीच्या चित्रपटातली ओहारू उभी केली. १९५३ साली स्वतः दिग्दर्शनात उतरली. पुढे मिझोगुचीनंच तिच्या दिग्दर्शनाला विरोध केला, तरी १९६२पर्यंत तिनं सहा चित्रपट केले! अभिनयाइतकंच हेही मोठं, असं माझं ठाम मत आहे.

सरांचा आवाज बसल्यावर वाचायचं काम माझ्याकडे आलं. त्या वर्षी ‘सान्दाकान क्रमांक ८’ होता, १९७५ साली बर्लिनला तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळवून देणारा. म्हातारी ओसाकी निघालेल्या पाहुणीकडे आठवण म्हणून तिचा वापरलेला टॉवेल मागते. ती ओळ माझ्याच्यानं वाचवेना. हॉल गप्प. मागच्या खुर्चीतून सरांच्या घोगऱ्या आवाजात ती ओळ आली. पडद्याकडे न बघता, तोंडपाठ.