एलिकॉटची मजुरी

आज संध्याकाळी व्हर्जिनियातल्या आर्लिंग्टनच्या बेनेकर पार्कात चक्कर मारायला गेलो. तिथे लोखंडी कठड्यात एक बुटका, झिजलेला दगड उभा आहे, लोक कुत्री घेऊन बाजूने जातात, कुणी बघतही नाही. १७९१-९२ मध्ये वॉशिंग्टन या नव्या राजधानीसाठी दहा बाय दहा मैलांचा चौकोन आखला तेव्हा दर मैलाला एक असे ४० दगड बसवले, त्यातला हा. पार्काला बेंजामिन बेनेकरचं नाव आहे ते योग्यच, साठीला टेकलेला तो कृष्णवर्णीय माणूस स्वतःच खगोल शिकला आणि सुरुवातीचे महिने तंबूतलं घड्याळ आणि ताऱ्यांचे वेध सांभाळत होता. पण ज्याच्या हाताखाली हे सगळं चाललं तो जमीन मोजणारा अँड्र्यू एलिकॉट कुणाला माहितीये?

मला खरं तर त्याचं पुढचं काम जास्त भारी वाटतं. १७९५ मध्ये अमेरिकेचा स्पेनशी तह झाला, दक्षिणेकडच्या स्पॅनिश मुलखाशी हद्द ३१ उत्तर अक्षांशावर ठरली, कागदावर रेघ मारणं सोपं हो, पण जमिनीवर ३१ कुठे येतो ते कोण सांगणार? १७९७ च्या फेब्रुवारीत एलिकॉट मिसिसिपी नदीकाठच्या नॅचेझला पोचला आणि स्पॅनिश अधिकाऱ्यांनी आज करू उद्या करू करत वर्षाहून जास्त काळ लटकवलं. मग मिसिसिपीपासून पूर्वेला चॅटाहूची नदीपर्यंत दलदल, वेतासारख्या बांबूची दाट बेटं, झाडं तोडत पुढे सरकायचं, रात्री दुर्बीण सरळ वर लावून डोक्यावरून जाणारे तारे मोजायचे म्हणजे अक्षांश कळतो, आणि ढग आले की बसा वाट बघत. मोबील शहराच्या उत्तरेला १७९९ चा त्याचा दगड अजून आहे, एका बाजूला अमेरिकेचं नाव, दुसऱ्या बाजूला स्पेनच्या राजाचं. अलाबामा आणि फ्लोरिडाची हद्द आजही बरीचशी त्याच रेघेवर आहे!

आणि एवढं करून १८०० मध्ये घरी आला तर राष्ट्राध्यक्ष अॅडम्सच्या सरकारने पैसे दिले नाहीत, वर त्यानेच काढलेले नकाशे त्याला बघू देईनात. संसार चालवायला घरातल्या वस्तू विकाव्या लागल्या. हे वाचलं आणि इतका राग आला ना. तरी १८०३ मध्ये मेरिवेदर लुईस पॅसिफिकपर्यंतच्या त्याच्या प्रसिद्ध मोहिमेवर (लुईस आणि क्लार्कची) निघायच्या आधी पेनसिल्व्हेनियातल्या लँकेस्टरला आला तेव्हा ह्याच माणसाने त्याला वेध घ्यायला शिकवलं, मोहीम सगळ्यांना पाठ आहे, मास्तर कुणाला नाही.

रविवारी अलेक्झांड्रियाला जोन्स पॉइंटला जायचं ठरवलंय, पहिला दगड तिथे बसवला होता, १५ एप्रिल १७९१ ला. मुलांनाही नेणार.