नसलेल्या पोथीचा पत्ता

पावसाळी दुपार. वाचनालयात माझ्याखेरीज दोन-तीन पेन्शनर आणि त्यांच्या ठिबकणाऱ्या छत्र्या. तेवढ्यात कॉलेजातला एक मुलगा आला आणि टेबलाशी जाऊन म्हणाला, “नेक्रोनॉमिकॉन आहे?” बाईंनी रजिस्टर ओढलं, ‘न’ची पानं शांतपणे चाळली आणि म्हणाल्या, “बाहेर गेलंय बहुतेक. पुढच्या आठवड्यात बघ.” मुलगा खूश होऊन गेला.

मी वर्तमानपत्राआड हसलो, पण बाईंचं म्हणणं तसं बरोबरच होतं. ते पुस्तक कायम बाहेरच असतं. लव्हक्राफ्ट नावाच्या अमेरिकन लेखकाने आपल्या भयकथांसाठी ते कल्पिलं, लिहिलं मात्र नाही. कथांमधून चार ओळी इकडे, चार तिकडे, एवढंच. पण १९२७ साली त्याने त्या नसलेल्या ग्रंथाचा इतिहास टिपून काढला. कर्ता कोण, तर सानाचा वेडा कवी अब्दुल अल्हझरेद. ७३८ मध्ये भर दिवसा, लोकांच्या देखत, अदृश्य राक्षसाने त्याला खाऊन टाकलं. ९५० मध्ये ग्रीक भाषांतर, १२२८ मध्ये लॅटिन, १२३२ मध्ये पोपची बंदी. प्रती कुठे? ब्रिटिश म्युझियम, पॅरिस, हार्वर्ड, ब्युनोस आयर्स. शिवाय एक त्याने स्वतःच कल्पिलेल्या विद्यापीठात.

मला या माणसाची ही कारकुनी फार आवडते. राक्षस काय, कुणीही उभा करील. बंदीचं साल घालायला वेगळी बुद्धी लागते. (मी स्वतः पुस्तक हातात घेतलं की आधी शुद्धिपत्र वाचतो, मग मुद्रकाचा पत्ता. कथा पळून जात नाही.)

आमच्या घरी देवघराच्या फळीवर लाल खणात बांधलेली एक पोथी होती. चवथीच्या आधी साफसफाई निघाली, की एखादं कोरडं ऊन गाठून तिला अंगणात आणत, तुळशीजवळच्या पाटावर ठेवत, आणि आजी दारातूनच ओरडायची, “हात लायनाका हां!” आम्ही विटीदांडू टाकून, पायांना चिखल तसाच, लांबून बघत बसायचो. थोरला चुलतभाऊ आमचा अधिकृत माहीतगार. त्याच्या मते ती उलटी वाचली, की राखणदार देवचार खांद्यावर कांबळं आणि हातात काठी घेऊन थेट माजघरात येतो. आणि नेमकं मधलं पान वाचलं तर आंब्याच्या मुळाशी पुरलेलं सोनं दिसतं. मधलं पान कुठलं हे पानं मोजल्याशिवाय कळणार नव्हतं, आणि पानं मोजायला हात लावावा लागणार. तिथे येऊन बेत थांबायचा.

एका श्रावणात आजोबांनीच ती सोडली. चष्मा लावला, पाणी फिरवलं आणि वाचू लागले. शिवलीलामृत! अकरावा अध्याय, जो शेजारच्या घरातही दर सोमवारी चालायचा. शेवटच्या कोऱ्या पानावर शाईने नारळांचा हिशेब, कुणा आत्याची जन्मवेळ आणि पित्तावरचा एक काढा. आम्ही थोरल्याकडे बघितलं. तो जराही डगमगला नाही. म्हणाला, “ही ती नव्हेच. ती माळ्यावर आहे.”

लव्हक्राफ्टलाही असले भाऊ भेटले. लोक पत्रं घालून विचारत, तो लिहून कळवत असे की बाबांनो, हे मी कल्पिलेलं आहे. काहींचा विश्वास बसायचा नाही. तो १९३७ मध्ये गेला आणि १९७७ मध्ये न्यूयॉर्कात त्या नावाचा ग्रंथ चक्क छापून आला. मागणी असली की माल येतोच, मापुशाच्या शुक्रवारच्या बाजारासारखा. तो वाचूनही कुणीतरी म्हटलंच असेल, ही ती नव्हे.

इथवर सगळी गंमत. पण त्या यादीतली पोपची बंदी वाचताना मी अडकतो. आमच्याकडे बंदी कल्पावी लागली नाही. सोळाव्या शतकात इथे गोव्यात, पोर्तुगीजांच्या राज्यात, पोथ्या खरोखर जळल्या. केळशीच्या कृष्णदास शामाने १५२६ मध्ये श्रीकृष्णचरित्रकथा रचायला घेतली. पणजीत पाटोवर राज्य ग्रंथालय उभं आहे ते त्याच्याच नावाने. आणि त्याच शतकातल्या आमच्या रामायण-महाभारताच्या कथा आज कुठे आहेत, तर पोर्तुगालमध्ये, ब्रागा शहराच्या ग्रंथालयात. पाद्र्यांना इथल्या लोकांची भाषा शिकायची होती म्हणून रोमी लिपीत उतरवून घेतलेल्या. ज्यांनी पोथ्या नाहीशा केल्या, त्यांच्याच कपाटात त्या वाचल्या. बाकीच्या कुठल्या होत्या, कुणी रचलेल्या, त्यांत देव होते की नारळांचे हिशेब, काहीच कळायला मार्ग नाही. अल्हझरेदच्या पोथीच्या निदान प्रती कुठे आहेत ते तरी ठाऊक आहे.

ब्रागाला जाणं काही माझ्याच्याने व्हायचं नाही. गेलो असतो, तर आधी एवढंच बघितलं असतं, की त्या पाद्र्यांनी रोमीत ‘ळ’ कसा लिहिलाय. दोन एल घातले असतील बहुधा. अजूनही तसंच लिहितात.