रेखमिरेची भट्टी आणि आप्पा

आमचे आप्पा तांबट. नाशिकच्या तांबट आळीत पन्नास वर्षं त्यांनी भट्टी सांभाळली. परवा त्यांना मोबाइलवर इजिप्तमधल्या एका थडग्यातलं चित्र मोठं करून दाखवलं. चष्मा वर सरकवून बराच वेळ बघत राहिले.

थडगं रेखमिरेचं. तिसरा थुतमोस या फॅरोचा हा वजीर, म्हणजे राजाखालोखालचा माणूस. लक्सरला नाईलच्या पश्चिम काठावरच्या डोंगरात साधारण साडेतीन हजार वर्षांपूर्वी ते कोरलं. आतली लांबट खोली मागे जाते तसतसं तिचं छत उंच होत जातं. भिंतींवर पुंट, क्रीट, नुबिया, सीरिया इथून आलेले नजराणे आहेत. एका जिराफाच्या मानेवर तर माकड चढलंय! वजिराने काय काय करायचं तेही सविस्तर कोरलंय. नेमणुकीच्या वेळी राजा त्याला बजावतो की हे पद गोड नाही, पित्तासारखं कडू आहे. मला हे वाक्य फार आवडतं.

पण आप्पांची नजर कारागिरांवरून हलेना. कर्नाकच्या आमोन मंदिरासाठी कांशाचे दरवाजे ओतताहेत. प्रत्येक माणूस दोन भात्यांवर उभा, हातात दोन दोऱ्या. एका पायाने भाता दाबायचा, दुसरा पाय उचलून दोरी ओढायची की तो भाता वारा भरून घेतो.

“बरोबर आहे,” आप्पा म्हणाले, “वारा तुटता कामा नये. तुटला की मूस गार पडते.” मूस म्हणजे धातू वितळवायचं भांडं.

मग विचारलं, “सांडशी कुठंय?”

सांडशी नाहीच. दोघं जण दोन लवचिक काठ्यांमध्ये मूस धरून रस ओतताहेत. आप्पांनी नुसता हात कपाळाला लावला. त्यांच्या मनगटावरचा भाजल्याचा जुना डाग तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर होता.

रेखमिरेच्या स्वतःच्या आकृत्या नंतर कुणीतरी जागोजागी खरवडून काढल्या. त्याचं दफनही तिथे सापडलेलं नाही. इतक्या मोठ्या माणसाचा चेहरा गेला आणि भाते चालवणारे मात्र तसेच उभे आहेत, याचं मला खरोखर समाधान वाटतं. त्यांची नावं कळली असती तर किती बरं झालं असतं!

आपल्या पांडवलेण्यांतही एका बड्या अधिकाऱ्याचं काम आहे. एकोणीस नंबरचं छोटं लेणं सातवाहन कुळातल्या कण्ह राजाच्या काळात नाशिकच्या महामात्राने कोरवून घेतलं, असं तिथला लेखच सांगतो. ते भिक्षूंना राहण्यासाठी. शाळेच्या सहलीत आम्ही त्याच्यासमोरून पळत गेलो होतो, लेखाकडे मान वर करून कुणी बघितलं नाही. आता थंडीत जाईन. आप्पांना पायऱ्या झेपायच्या नाहीत, त्यांच्यासाठी फोटो काढून आणेन.

भट्टीचं चित्र मात्र त्यांना कागदावर हवंय. भात्याच्या दोऱ्या दिसतील एवढं मोठं, असं दोनदा सांगितलं.