वोल्फगांग पीटरसन पहिल्यापासून बघतोय : 'दास बूट' पर्यंतचा अपडेट

मंडळी, जर्मन दिग्दर्शक पीटरसनचं काम वर्षांच्या क्रमाने बघायचं ठरवलं होतं त्यात आता सत्तरचं दशक संपलं आणि 'दास बूट' (दुसऱ्या महायुद्धातल्या जर्मन पाणबुडीवरचा सिनेमा) पण झाला. 'ट्रॉय' आणि 'एअर फोर्स वन' मुळे आपण त्याला हॉलीवूडवालाच धरतो पण हा माणूस तयार झालाय जर्मन टीव्हीवर, आणि त्याची खरी ताकद आहे वाट बघायला लावण्यात.

बर्लिनच्या फिल्म स्कूलमधून निघाल्यावर 1971 ते 77 मधे त्याने 'टाटऑर्ट' या क्राइम मालिकेचे सहा भाग केले, सगळ्यांत कील या जर्मन शहरातला इन्स्पेक्टर फिंके, काम केलंय क्लाउस श्वार्त्सकोप्फने. फिंके आवाज चढवत नाही, समोरच्याला बोलू देतो आणि गप्प बसतो, बस्स. यातला सगळ्यात गाजलेला 'रायफेत्सॉयग्निस' (1977), त्यात शाळकरी मुलीचे शिक्षकाशी संबंध असतात, वर्गातला मुलगा ते ओळखून तिला धमकावतो आणि ती त्याला दगडाने मारते. खून कुणी केला हे आपल्याला माहितीये, तरी नजर हटत नाही कारण ती कधी कोलमडणार एवढंच आपण बघत राहतो. त्या मुलीचं काम करणारी नास्तास्या किन्स्की तेव्हा अल्पवयीन होती, तिचे काही सीन आज बघवत नाहीत, हेही सांगितलंच पाहिजे.

'स्मॉग' (1973) पण चुकवू नका, जर्मनीतल्या रूर या कारखान्यांच्या भागातल्या प्रदूषणावरचा सिनेमा पण बातम्यांसारखा केलाय, तेव्हा लोकांना खराच वाटला होता.

आता 'दास बूट'. कॅमेरामन योस्ट वाकानो हातात कॅमेरा घेऊन पाणबुडीच्या त्या अरुंद बोळातून अक्षरशः पळतो, दारांच्या गोल भोकांतून माणसं उड्या मारत जातात आणि आपण त्यांच्या मागे. पण मला जास्त भिडलं ते त्याच्या उलट, वर डिस्ट्रॉयर म्हणजे शत्रूची युद्धनौका घिरट्या घालतेय, खाली सगळे पुतळ्यासारखे उभे, नजरा छताकडे आणि फक्त सोनारचा, म्हणजे आवाजाच्या लहरींनी पाणबुडी शोधणाऱ्या यंत्राचा, टिंग आवाज. हे फिंकेचंच गप्प बसणं आहे, फक्त आता जीव पणाला लागलेत. कॅप्टन झालेला युर्गन प्रोखनो आणि संगीतकार क्लाउस डोल्डिंगर, दोघंही टीव्हीवालेच, 'टाटऑर्ट' ची ती धून डोल्डिंगरचीच. ऑस्करची सहा नामांकनं, त्यातली दोन खुद्द पीटरसनला, दिग्दर्शन आणि पटकथा.

कुठलं व्हर्जन बघायचं तर माझं मत सरळ आहे, 'दास बूट' टीव्ही मालिका म्हणूनही आहे, वेळ असेल तर तीच बघा, 1981 चा थिएटरवाला कट चांगलाय पण त्यात पोरांचा कंटाळा, शिळं अन्न, फालतू गप्पा हे सगळं आखडलंय आणि त्याशिवाय नंतरची भीती तेवढी चढत नाही.

पुढे 'नेव्हरएंडिंग स्टोरी' आणि 'एनिमी माइन' लावतोय. त्याचा 1976 चा टीव्ही सिनेमा 'फियर गेगेन दी बांक' मुद्दाम मागे ठेवलाय, कारण 2016 ला त्यानेच तो परत केला, तोच त्याचा शेवटचा सिनेमा, दोन्ही लागोपाठ बघायचेत. जुन्याची नीट सबटायटल्सवाली डीव्हीडी कुठे मिळते कुणाला माहीत असेल तर सांगा.